फ्रेंच बाईंकडून शिकलेलं जर्मन

कार्ल्सरूहेला राहायला गेले तेव्हा मी पंचेचाळिशी ओलांडली होती आणि स्वतःला पस्तिशीची समजत होते. आमचे हे मोटारींच्या इंजिनातले. कंपनीने बोलावलं, आम्ही गेलो. मार्क जाऊन युरो नुकताच आला होता, लेक नववीत होती आणि मला करायला काही नव्हतं. हे ‘मला करायला काही नाही’ मी तेव्हा दिवसातून बऱ्याचदा म्हणायचे, खिडकीच्या पडद्याला धरून, मान जरा तिरकी करून. घरात कोणी नसलं तरी. यावरून माझा त्या वेळचा स्वभाव लक्षात यावा.

लग्नाआधी पुण्यात कॉलेजात असताना मी एकांकिकांतून कामं करायचे. एकदा उत्तेजनार्थ बक्षीसही मिळालं होतं. पुण्यापासून मी जसजशी लांब गेले तसतसं ते बक्षीस वर चढत गेलं. नाशिकला बदली झाली तेव्हा ते तिसरं होतं, जर्मनीत विमान उतरेपर्यंत पहिलं झालं. लग्नानंतर रंगभूमी सुटली, म्हणजे कोणी सोडायला लावली नव्हती, सासूबाई उलट म्हणायच्या की जा की गं, कर नाटक. पण ‘संसारासाठी कला सोडली’ हे मला शोभून दिसायचं, म्हणून मी ते बरीच वर्षं अंगावर वागवलं.

जर्मन शिकायला मी वर्गाला जायचे. तिथल्या बाई म्हणाल्या, “टीव्ही बघत जा, कान तयार होतो.” असला गृहपाठ मला आयुष्यात पहिल्यांदाच मिळाला होता, त्यामुळे मी तो मन लावून केला. दुपारी एका वाहिनीवर फ्रेंच चित्रपट लागायचे आणि त्यात सगळे जर्मन बोलायचे. जर्मनीत परदेशी चित्रपटांवर जर्मन आवाज चढवलेले असतात, एकेका नटाचा आवाज वर्षानुवर्षं ठरलेला असतो, हे तिथल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं. मला नव्हतं. ओठ जरा मागेपुढे व्हायचे, नाही असं नाही. पण आपल्याकडे दक्षिणेतल्या नट्या मुंबईला येऊन हिंदी बोलतात, तशी ही फ्रेंच मंडळी सीमा ओलांडून जर्मनीत कामाला येत असतील, अशी मी मनाची समजूत घातली. सीमा होतीच जवळ. माणसं पलीकडे पाव आणायला जायची, तर अलीकडे सिनेमा करायला का येऊ नयेत?

त्यातच मला ती बाई सापडली.

सापडली म्हणजे लगेच नाही. एकदा खानावळीतली जाडी स्वयंपाकीण बघितली. मग कधीतरी एक हडकुळी न्यायाधीश बघितली. मठातली थोरली जोगीण, खेड्यातली टपालवाली, नवऱ्याला अळंब्यांच्या रश्शात विष घालून मारणारी विधवा. प्रत्येक जण मला आवडली आणि प्रत्येक जण वेगळी वाटली. चालणं वेगळं, पाठीचा बाक वेगळा, नाकसुद्धा वेगळं वाटायचं. पण आवाज तोच. खोल, थोडा घोगरा, वाक्याच्या मधोमध असा थांबणारा की ऐकणाऱ्याने हातातलं काम खाली ठेवावं. एका दुपारी मी डोळे मिटून ऐकलं आणि ओरडलेच, “अगं, ही तर जोगीण!” विधवेचा खटला चालू होता. लेक शाळेतून येऊन शेजारच्या खोलीत बसली होती. तिने तिथूनच जर्मनमध्ये विचारलं, “कोण जोगीण?” मी म्हटलं, “सगळ्या एकच आहेत!” ती म्हणाली, “जा, जा.” हा मराठीतला जा नव्हे, जर्मनमधला, म्हणजे हो, हो. अर्थ मात्र दोन्ही भाषांतला होता.

तेव्हापासून मी त्या बाईंची झाले. टीव्हीचं साप्ताहिक आणून त्यात त्यांचे चित्रपट शोधायचे. बाईंचं नाव इथे सांगत नाही. नाव सांगितलं की तुम्ही त्यांचे फोटो बघाल, आणि मग मी इतकी वर्षं एवढं काय बघत होते असं विचाराल. दिसायला त्या शेजारच्या इमारतीत राहणाऱ्या कुणासारख्याही होत्या. तीच तर गंमत होती.

माझं जर्मन त्यांच्याकडून आलं. त्यामुळे ‘कांदे कुठे ठेवलेत’ याच्या आधी मला ‘मी सारे आरोप फेटाळते’ म्हणता यायला लागलं. बेकरीत जाऊन मी दोन पाव मागायचे, पण विधवेच्या आवाजात, मधे थांबून. “मला… दोन… द्या.” पुढचा माणूस बाजूला व्हायचा. कचरा चुकीच्या डब्यात टाकला म्हणून इमारतीची देखभाल करणारा हाउसमाइस्टर बोलायला आला, तेव्हा मी दार अर्धं उघडं ठेवून, चौकटीला टेकून म्हणाले, “आपण पुरावा आणलाय का?” त्यानंतर तो आमच्या मजल्यावर यायचा बंद झाला. शाळेच्या पालकसभेहून परत येताना लेक म्हणाली, “आई, तू बाईंशी अशी का बोलतेस? त्यांना वाटलं आपल्या घरी कोणीतरी वारलंय.” ही एवढी मोठी तक्रार मराठीत केली होती, त्यावरून तिला किती लाज वाटली असेल ते कळावं. मी मात्र खूश. माझ्या बोलण्यात वजन आलंय असं मला वाटत होतं.

आता मुख्य गोष्ट. आमचं तिथे एक मराठी मंडळ होतं. गणपतीत चर्चच्या मागचं सभागृह भाड्याने घ्यायचं, धूर ओळखणाऱ्या यंत्राखाली कापूर पेटवायचा नाही असं सगळ्यांना बजावायचं, आणि आरती, जेवण झालं की कार्यक्रम. एरवी मुलांची गाणी आणि कुणाच्या तरी सासऱ्यांची बासरी असायची. त्या वर्षी पुण्याहून आलेला एक सॉफ्टवेअरवाला मुलगा म्हणाला, मी नाटक लिहिलंय, दोन अंकी, बसवीनही मीच, आपण करू. त्याच्या नाटकात सून घर सोडून जाते. जाण्याआधी ती एक लांबलचक भाषण करते. ते भाषण ऐकल्याबरोबर मला कळलं की ही भूमिका माझी. इतकी वर्षं खिडकीच्या पडद्याला धरून मी दुसऱ्या कशाची तयारी करत होते?

वाचनाच्या दिवशी मी मुद्दाम केस मोकळे सोडून गेले. दिग्दर्शक जवळ आला.

“काकू, तुमच्यासाठी एक मस्त रोल आहे.”

“हो ना?” मी पदर सारखा केला.

“आजीचा.”

“कुणाची आजी?”

“सुनेची आजेसासू. खुर्चीत बसलेली. दुसरा अख्खा अंक स्टेजवर आहे, काकू. फक्त डायलॉग जरा कमी आहेत.”

“किती?”

“‘अगं बाई’ असं एकदा आहे. आणि एकदा खोकते.”

सुनेची भूमिका मिळाली होती मंडळाच्या अध्यक्षांच्या बायकोला. ती माझ्याहून पाच-सात वर्षांनीच लहान असेल, पण मला काकू म्हणायची, आणि तेही चारचौघांत जरा मोठ्याने. ती म्हणाली, “काकू, नाही म्हणू नका हं. तुम्हाला मेकअपसुद्धा लागणार नाही.”

घरी येऊन मी भांडी आपटली. हे म्हणाले, “अगं, मग नको करूस.”

“नको करू? इतक्या वर्षांनी स्टेजवर जायची संधी आली, ती सोडू?”

“मग कर.”

“खुर्चीत बसून खोकू? पहिलं बक्षीस मिळवलेल्या बाईने?”

“उत्तेजनार्थ,” हे म्हणाले. या माणसाला इंजिनाचे सगळे आकडे पाठ असायचे आणि हेही नेमकं पाठ होतं.

दिग्दर्शकाला मी सोमवारपर्यंत कळवते म्हणाले. मनात ठरलं होतं की नाहीच म्हणायचं, पण नाही म्हटलं की रंगभूमीशी असलेला उरलासुरला धागाही तुटणार. या वयात पुन्हा कोण विचारणार? हो म्हटलं तर सगळ्या मंडळासमोर म्हातारी होणार. रुसावं की बसावं, एवढाच प्रश्न होता, पण मला तो रात्रंदिवस पुरला.

आणि त्याच आठवड्यात ट्रामच्या थांब्यावर पोस्टर दिसलं. माझी बाई! आमच्याच शहरात, रविवारी दुपारी, नाटकाचा पाहुणा प्रयोग. मी थांब्यावर उभ्या असलेल्या एका आजोबांचा दंड धरला आणि म्हटलं, “बघा!” त्यांनी पोस्टर बघितलं, मला बघितलं, आणि पुढच्या ट्रामने न जाता त्याच्या पुढच्या ट्रामने गेले. मी ठरवलं की बाईंनाच विचारायचं. जिने जोगिणीपासून खुनी विधवेपर्यंत सगळं केलं तिच्याइतका हा पेच दुसऱ्या कुणाला कळेल? आठवडाभर मी त्यांच्याशी बोलायची वाक्यं त्यांच्याच आवाजात घोकली.

रविवारी मी पैठणी नेसले, वर तो काळा जाड कोट. हे माझ्याबरोबर आले, कारण एकटी गेले तर मी काय करीन याची त्यांना काळजी होती.

पडदा उघडला. फ्रान्समधल्या कुठल्याशा जुन्या घरातली गोष्ट, दोन भाऊ, एक जमीन, एक बाई. आणि माझी बाई कोपऱ्यात एका खुर्चीत. घरची म्हातारी मोलकरीण. मला आधी वाटलं की आता उठेल, टोपी काढेल आणि नायिका होईल. ती उठली नाही. बऱ्याच वेळाने तिने तोंड उघडलं आणि फ्रेंचमध्ये एक वाक्य बोलली. आवाज कसला म्हणता? तेल न घातलेलं दार. बारीक, चिरका, नाकातून येणारा. सगळेच फ्रेंच बोलत होते आणि वर एका पट्टीवर जर्मन अक्षरं पळत होती. हे ती अक्षरं हळू आवाजात मला वाचून दाखवत होते आणि मागची बाई शुक् शुक् करत होती.

“ही ती नाही,” मी यांच्या कानात म्हटलं.

“पोस्टरवर तर हीच आहे.”

“तोंड हिचंच आहे. पण ही ती नाही. आवाज बघा की!”

मध्यंतर झालं तशी मी तडक कोट ठेवतात त्या गार्डेरोबेकडे गेले. तिथे एक गोलमटोल बाई बसल्या होत्या. त्यांना मी खटल्याच्या आवाजात सांगितलं की प्रेक्षकांची फसवणूक झालेली आहे. पोस्टरवर एक बाई आणि स्टेजवर भलतीच उभी केली आहे. उभीही नाही, बसवली आहे. मी या बाईंचा आवाज झोपेतसुद्धा ओळखते.

त्यांनी माझं सगळं ऐकून घेतलं. मग टेबलावर कोपर टेकून त्या म्हणाल्या, “आल्झो. बरं, कुठला आवाज?”

“हा,” मी म्हटलं. “हाच. मी बोलतेय तसला.”

त्यांचा चेहरा आधी विचारात पडला आणि मग हळूहळू फुलत गेला. “गेनाऊ! अगदी बरोबर! अहो, हा आवाज तर बर्लिनच्या एका बाईंचा. त्या तिकडे बंद खोलीत बसतात आणि पडद्यावर यांचे ओठ हलले की आपण बोलतात. सगळ्या चित्रपटांत त्याच. तुम्हाला ठाऊक नव्हतं?”

मी यांच्याकडे बघितलं. हे कोटांकडे बघत होते.

“तुम्हाला माहीत होतं?”

“मला वाटलं तुला माहीत आहे,” हे म्हणाले. “कुणालाही माहीत असतं, अगं.”

म्हणजे वर्षभर मी ज्या बाईच्या प्रेमात होते ती दोन बायकांची मिळून झालेली होती. एकीचा चेहरा फ्रान्समधला, दुसरीचा गळा बर्लिनचा, आणि दोघींचं मिळून जे काय झालं होतं ते कार्ल्सरूहेच्या बेकरीत पाव मागत हिंडत होतं. मला घरी जावंसं वाटत होतं. पण तिकिटं महाग होती आणि आमचे हे कंटाळवाणं नाटकसुद्धा शेवटपर्यंत बघणाऱ्यातले, म्हणून आत जाऊन बसले.

दुसऱ्या भागात आवाजाची आस सुटली होती, म्हणून मी पहिल्यांदाच नुसतं बघितलं. म्हातारी एक मोजा रफू करत होती. पुढे धाकटा भाऊ कबुली देत होता की मोठ्याला विहिरीत ढकललं ते मीच. चांगला धिप्पाड नट, घाम गाळत होता, गुडघ्यांवर बसला होता. आणि कोपऱ्यात म्हातारी सुईत दोरा ओवत होती. एकदा चुकला. तिने दोऱ्याचं टोक ओठांत धरून ओलं केलं. पुन्हा चुकला. अख्खं नाट्यगृह विहीर विसरून सुईकडे बघायला लागलं. माझ्या शेजारच्या गृहस्थांनी श्वास रोखला होता. दोरा ओवला गेला त्या क्षणी तिने मान वर करून धाकट्याकडे एकदा पाहिलं, आणि आम्हा सगळ्यांना एकदम कळलं की हिला हे कधीपासूनच माहीत होतं. बोलली नाही एक अक्षर. त्या धिप्पाड नटाची मला दया आली. गुडघे फुकट गेले बिचाऱ्याचे.

प्रयोग संपल्यावर गार्डेरोबेच्या बाई कोट देताना म्हणाल्या, “चला, मागच्या दाराने त्या बाहेर येतील. मी सीमेपलीकडची, मला फ्रेंच येतं, मी सांगेन तुमचं.” त्यांना स्वतःलाच भेटायचं होतं, मी फक्त निमित्त. माझी काही हरकत नव्हती.

बाई बाहेर आल्या. बुटक्या, डोक्याला रुमाल, हातात कापडी पिशवी. मला आठवडाभर घोकलेलं एकही वाक्य आठवेना. तोंडातून आपोआप तेच आलं जे सगळ्यात पक्कं पाठ होतं. खोल आवाज, मधला थांबा, सगळं जिथल्या तिथे.

“मी… सारे आरोप… फेटाळते.”

बाई जागच्या जागी थांबल्या. डोळे मोठे झाले. मग त्यांनी पिशवी खाली ठेवली आणि त्या दाराआड वळून त्या चिरक्या आवाजात किंचाळल्याच. आतून तो धिप्पाड नट आला, विहिरीत गेलेला मोठा भाऊही आला. बाई हसता हसता माझ्या कोटाची बाही धरून त्यांना काहीतरी सांगत होत्या.

“मादाम म्हणतात,” आमच्या दुभाषी बाई सांगायला लागल्या, “जर्मनीत हॉटेलात टीव्ही लावला की त्यांना स्वतःचं तोंड या आवाजात बोलताना दिसतं. आज पहिल्यांदाच तो आवाज चालत त्यांच्यासमोर आला. आणि त्याने साडी नेसली आहे.”

मला अजून दोन-तीन वाक्यं म्हणायला लावली. मी न्यायाधीश केली, जोगीण केली. नटमंडळींनी टाळ्या वाजवल्या. माझं इतक्या वर्षांतलं रंगभूमीवरचं पुनरागमन ते हेच, नाट्यगृहाच्या मागच्या दाराशी, कचऱ्याच्या डब्यांजवळ.

मग मी विचारलं, बर्लिनच्या बाईंना भेटलात का कधी?

“नाही. भीती वाटते,” बाई म्हणाल्या. “जर्मन लोकांना वाटतं मी फार खानदानी आहे. फ्रान्समध्ये मी तोंड उघडलं की लोक हसतात. या आवाजामुळे मला पहिली काही वर्षं फक्त मोलकरणी मिळाल्या. बावीस वर्षांची असताना फिरत्या नाटक कंपनीत नायकाच्या आईचं काम केलं. नायक माझ्याहून मोठा होता. नायिका कधी झालेच नाही. म्हणून तर न्यायाधीश झाले, जोगीण झाले, चोर झाले. सुंदर बायका एकच भूमिका करतात आणि मग घरी जातात.”

हे ऐकून मी माझा पेच सांगितला. खुर्ची, खोकला, ‘अगं बाई’, सगळं. माझा चेहरा मी जितका करता येईल तितका करुण केला होता. बाई ऐकता ऐकता गंभीर झाल्या.

“मादाम विचारतात, अख्खा अंक खुर्चीत?”

“अख्खा.”

“मधेच आत घेऊन जात नाहीत? औषधाला, झोपायला?”

“नाही. पडदा पडेपर्यंत तिथेच.”

“आणि सून लांब भाषण करते, तेव्हा ही तिच्या मागे असते?”

“मागे. जरा उजवीकडे.”

बाईंनी माझा हात घट्ट धरला आणि घाईघाईने काही बोलल्या.

“मादाम विचारतात, हे काम दुसऱ्या कुणाला तर नाही ना दिलं अजून?”

मी ‘नाही’ म्हणून मान हलवली.

“मग आत्ता फोन करा म्हणतात. सोमवारची वाट बघू नका. आणि म्हणतात, हातात काहीतरी घ्या. दिग्दर्शकाला मात्र आधी सांगू नका.”

मी त्याच संध्याकाळी फोन केला. दिग्दर्शक इतका खूश झाला की त्याने मला आणखी एकदा खोकायची परवानगी दिली.

तालमींत मी आदर्श वागले. हात मांडीवर, नजर खाली. अध्यक्षांची बायको म्हणायची, “काकू किती गोड बसतात ना!” प्रयोगाच्या दिवशी सकाळी मी तुर्की दुकानातून कोथिंबिरीची मोठी जुडी आणली. सोबत एक जुडी आणली पेटरझीलीची. ती दिसायला थेट कोथिंबिरीसारखी, वासाला मात्र काहीच नाही. जर्मनीत आलेल्या प्रत्येक मराठी माणसाने निदान एकदा तरी ती कोथिंबीर समजून घरी आणलेली असते आणि पोह्यांवर घातलेली असते. दोन्ही जुड्या मी एकत्र मिसळून परडीत भरल्या आणि परडी शालीखाली लपवली.

दुसरा अंक. सुनेचं भाषण सुरू झालं. “या भिंतींनी माझं हसू गिळलं…” मी परडी मांडीवर घेतली आणि भाजी निवडायला लागले. एक काडी उचलली, हुंगली, उजवीकडे ठेवली. दुसरी उचलली, हुंगली, तोंड वाकडं केलं, डावीकडे टाकली. तिसरी काडी हुंगली आणि विचारात पडले. पुन्हा हुंगली. पहिल्या रांगेतून एक हुंदक्यासारखं हसू आलं. मग मागून आलं. “माझ्या आईने शेवटचा श्वास घेतला तेव्हा…” आणि मी एक पेटरझीली हातात धरून दुःखाने मान हलवली. सभागृह फुटलं. पुरुषसुद्धा डोळे पुसत होते. ती बिचारी समजली की आपलं भाषण भलत्याच जागी लागतंय, म्हणून आणखी जीव ओतायला लागली, आणि ती जितका जीव ओतेल तितकी मी भाजी हुंगत होते.

विंगेत आल्यावर ती फुत्कारली. “काकू! तुम्ही कोथिंबीर निवडत होतात!”

“हो.”

“माझी आई मरत असताना?”

“अगं, माणसं येणार ना मग घरी. स्वयंपाक नको?”

दिग्दर्शक डोकं धरून बसला होता. पण त्याला पहिली पावती मिळाली ती माझ्याचबद्दल, त्यामुळे त्याला रागावताही येईना. सगळे मला भेटायला आले. कुणाचे तरी साताऱ्याहून आलेले वडील, सत्तरीचे असतील, पुढे होऊन हात देत म्हणाले, “जपून, पायरी आहे. या वयात एवढं करता म्हणजे कमाल आहे हो तुमची.” मी त्यांना थँक्यू म्हटलं आणि आजीचा पांढरा विगसुद्धा काढला नाही. आत्ताशी मला कळलं होतं की लोक फसले आहेत. तो आनंद मोकळ्या केसांच्या आनंदापेक्षा बराच मोठा निघाला. तरी घरी जाऊन आरशात दोनदा पाहिलंच. माणूस एका दिवसात सुधारत नाही.

पुढच्या वर्षी त्याच मुलाने नवं नाटक लिहिलं. यात मुलगी घर सोडून जाते, भाषण आणखी लांब, आणि आजी पुन्हा खुर्चीत. वाचनाला मी केस घट्ट बांधून, चष्मा नाकावर घेऊन गेले. बघते तर अध्यक्षांची बायको पांढरी साडी नेसून आलेली.

“या वेळी आजी मी,” ती म्हणाली.

“तू? तुझं वय काय?”

“वयाचा काय संबंध, काकू? अभिनय आहे हा.”

बरीच बाचाबाची झाली. दिग्दर्शक म्हणाला, खुर्ची एकच आहे. मंडळाचे अध्यक्ष मध्ये पडले, आणि अध्यक्षांना रात्री घरीच जेवायचं होतं, तेव्हा खुर्ची कुणाला मिळाली ते सांगायला नको. मग दिग्दर्शकाने खोलीभर नजर फिरवली. बाकीच्या बायका मुलांच्या नाचाच्या मागे होत्या. “मग मुलगी कोण करणार?” तो म्हणाला आणि सगळ्यांनी माझ्याकडे बघितलं.

अशा तऱ्हेने सत्तेचाळिसाव्या वर्षी मला नायिकेची भूमिका मिळाली. कॉलेजात जाणारी, दोन वेण्या. लेकीने तालीम बघितली आणि एकच जर्मन शब्द उच्चारला, त्याचा अर्थ ‘मला या शहरातून दुसरीकडे पाठवा’ असा काहीसा होतो. हे म्हणाले, “प्रकाश कमी ठेवायला सांग.”

प्रयोग आला. माझं भाषण सुरू झालं. पुण्याच्या कॉलेजात लावला होता तसा आवाज लावला. “बाबा, हा उंबरठा मी ओलांडणार…” सभागृहात टाचणी पडली तर ऐकू यावं अशी शांतता होती. त्या शांततेत माझ्या मागून, जरा उजवीकडून, आवाज आला. टच्. मग टप्, टप्, टप्. मी मान न वळवता पुढे बोलत राहिले. पुन्हा टच्. पहिल्या रांगेतल्या साऱ्या माना माझ्या खांद्यावरून पलीकडे गेल्या. साताऱ्याचे ते वडील याही वर्षी आले होते. ते तर चक्क उठून बघत होते.

शेवटी मी वळले. अध्यक्षांच्या बायकोच्या मांडीवर मटाराच्या शेंगांचा डोंगर होता. एक शेंग फोडायची, दाणे वाटीत टाकायचे, एखादा दाणा हळूच तोंडात, आणि इकडेतिकडे बघत चावायचा. दात नसल्यासारखा! काय सुंदर चावत होती हो. मला राग यायला हवा होता. पण त्या चावण्यात कुठेही खोट नव्हती आणि माझ्या उंबरठ्याकडे आता कुणीही बघत नव्हतं.

एक दाणा घरंगळत माझ्या पायाशी आला. मी भाषण अर्ध्यावर सोडलं, दाणा उचलला, तिच्या खुर्चीपाशी फतकल मारून बसले आणि एक मूठ शेंगा माझ्या ओच्यात ओढून घेतल्या. ती ओठ न हलवता पुटपुटली, “काकू, तुम्ही घर सोडून जाणार होतात.”

“जाईन,” मी म्हटलं, “एवढ्या होऊ देत.”

विंगेत दिग्दर्शक दोन्ही हातांनी मला दाराकडे ढकलल्यासारख्या खुणा करत होता. पडदा ओढणारा दोरी धरून त्याच्याकडे बघत होता. आम्ही दोघी शेंगा सोलत होतो.